सोंग उतरवायचं असतं

माझी पहिली फिल्म कोणती असं कुणी विचारलं की मी दुसरीचं नाव सांगतो. मुलाखत घेणारी पोरं हुशार असतात, पण तेवढं त्यांच्या लक्षात येत नाही. नकला करून लोकांना हसवणारा माणूस पुढे इतक्या कडू फिल्म का करायला लागला, हा त्यांचा आवडता प्रश्न असतो. त्यावर मी काहीतरी गुळमुळीत बोलून चहा मागवतो. आता डॉक्टरांनी चहा बंद केलाय, आणि ज्यांना राग येईल अशी माणसंही फारशी उरलेली नाहीत. तेव्हा एकदाचं सांगून टाकतो.

आमचं गाव पाताळगंगेच्या काठचं, मोहोपाड्याहून पायी जाता येईल इतक्या अंतरावर. भात निघालं की त्याच ओलीवर वाल पेरायचे, आणि शिमगा जवळ आला की घराघरांतून बिरड्याचा वास सुटायचा. आमच्या घरात त्याच्या जोडीला आणखी एक वास असे, खोबरेल तेलात कालवलेल्या काजळीचा. माझे वडील, म्हणजे आबा, शेती करायचे. पण चौक गावापासून खालापुरापर्यंत लोक त्यांना ओळखायचे ते शिमग्यातला सोंगाड्या म्हणून. तव्याच्या पाठीची काजळी, तांदळाची पिठी, हळद आणि आईचं कुंकू एवढ्या सामानावर ते फौजदार व्हायचे, तलाठी व्हायचे, मुंबईहून गावी आलेली नखरेल सून व्हायचे. आई पिठीच्या डब्यावर हात ठेवून म्हणायची, "तोंडाला लावायला हाय, आनि भाकरीला नाय." आबा लगेच कमरेवर हात ठेवून तिचंच वाक्य तिच्याच आवाजात तिला परत ऐकवायचे. आई चारचौघांत हसत नसे, म्हणून प्रत्येक नवं सोंग आधी चुलीपुढे व्हायचं. भाकरी थापता थापता तिने तोंड भिंतीकडे वळवलं की सोंग पास झालं असं समजायचं. नाही वळवलं तर आबा मुकाट्याने तोंड पुसून जेवायला बसायचे.

या सोंगांना आमच्या गावात एक कायदा होता. होळीच्या दुसऱ्या दिवसापासून रंगपंचमीपर्यंत सोंगातल्या माणसाला त्याच्या नावाने हाक मारायची नाही. तो काहीही बोलला तरी रागवायचं नाही. ज्याचं सोंग काढलं असेल त्याने स्वतः दारात येऊन उभं राहायचं आणि हसायचं. मग रंगपंचमीच्या दुपारी सगळी सोंगं नदीवर जायची, तोंडं धुवायची, आणि जे जे बोललं गेलं ते त्या पाण्याबरोबर गेलं असं धरायचं. त्यानंतर तो विषय काढणाऱ्याला गाव वेड्यात काढत असे. बांधावरून वर्षानुवर्षं एकमेकांचं तोंड न बघणारी माणसं त्या पाच दिवसांत एकमेकांच्या दारात उभी राहून आपलीच फजिती बघायची. लहानपणी मला वाटायचं की सगळ्या जगात असंच असतं.

मला मिसरूड फुटेपर्यंत आबांच्या सोंगात त्यांची बायको मीच असायचो. आईचं जुनं लुगडं नेसायचं, डोईवर पाटी घ्यायची आणि नवऱ्याला ताडताड बोलायचं. हशा कसा घ्यायचा ते मी तिथे शिकलो. मी वाक्यावर वाक्य फेकत सुटलो की आबा सोंगातल्या सोंगात माझा दंड दाबायचे. घरी आल्यावर सांगायचे, "मानसं हसाया लागली का तू गप ऱ्हा. त्यांना हसू दे. तुझी घाई त्यांच्या हसन्यावर कशाला लादतोस?" पुढे मुंबईत मोठमोठ्या लोकांनी मला संकलन शिकवलं, पण याच्यापेक्षा वेगळं काही सांगितलं नाही. एवढं शिकवणाऱ्या माणसाने मला काय केलं, ते आता येतंय.

मी गिरगावात मामाकडे राहून नोकरी शोधत होतो त्या काळात आमच्याकडे कंपन्या आल्या. जमिनी जायला लागल्या. आधी पलीकडच्या गावच्या, मग आमच्या. गावाला पटवायचं काम हरी पाटील करत होता. हरी आमच्या भावकीतलाच, नात्याने माझा चुलता. साहेबांच्या जीपमधून फिरायचा आणि त्यांच्याशी मोडक्या हिंदीत बोलायचा. त्याला एक सवय होती. काही महत्त्वाचं सांगायच्या आधी तो डोक्यावरची टोपी काढून तिच्या आत बघायचा, पुढचं वाक्य आत लिहून ठेवल्यासारखा. मग टोपी घालायचा आणि सांगायचा, "घरटी एक नोकरी. माझा शबुद." त्या शब्दावर लोकांनी अंगठे उठवले. आबांनीही उठवला. आमची नदीकडची भाताची दोन्ही खाचरं गेली. नोकऱ्या मात्र हरीच्या मर्जीतल्या घरांना आधी लागल्या. बाकीच्यांची पोरं त्याच्या ओट्यावर जाऊन बसायची आणि संध्याकाळी परत यायची. माझा धाकटा भाऊ काशिनाथ त्यांच्यातलाच एक.

मुंबईत मी गणपतीच्या मांडवांत, कामगारांच्या संमेलनांत नकला करत होतो. दोन गाण्यांच्या मध्ये पेटीवाला घाम पुसेपर्यंत लोकांना धरून ठेवायचं, हे माझं काम. अशाच एका कार्यक्रमात जाहिरातींच्या फिल्म करणाऱ्या एका पारशी साहेबांनी मला बघितलं आणि हाताखाली घेतलं. त्यांच्याकडे चावीचा एक लहान कॅमेरा पडून होता. मुदत उलटलेली थोडी फिल्मही होती. "जा, बनाव काहीतरी," म्हणाले. मला दुसरं काय सुचणार? शिमगा आला होता, आणि आबांनी त्या वर्षी हरी पाटलाचं सोंग काढायचं ठरवलं होतं. मुंबईत फिल्म बघणाऱ्यांचं एक मंडळ होतं. नव्या माणसाचं काम बघून, आवडलं तर पुढची फिल्म करायला ते मदत करत. साहेबांनी तिथे माझ्यासाठी शब्द टाकला. वैशाखातला एक रविवार ठरला.

त्या शिमग्यात आबा जे खेळले ते मी आजवर कुठल्याही नटाकडून बघितलेलं नाही, आणि मी नावाजलेल्या नटांबरोबर कामं केली आहेत. कॅमेऱ्याला आवाज पकडता येत नव्हता, म्हणून मी त्यांना म्हटलं, बोलणं कमी करा. ते म्हणाले, "मंग टोपी बोलंल." हरीसारखी टोपी काढून त्यांनी आत बघितलं. काही दिसेना. उलटी करून झटकली, कानाला लावून ऐकली, आणि शेवटी ती समोरच्या म्हातारीच्या डोक्यावर ठेवून तिलाच विचारलं, आता पुढं काय बोलू? मग कासरा काढून मोजणी सुरू झाली. ओटा मोजला. ओट्यावर झोपलेलं कुत्रं मोजलं. चुलीशी बसलेल्या बाईला खुणेनं सांगितलं की भाकऱ्या कर, पण जाळ लावू नकोस, खालची जमीन गेली. कॅमेऱ्याची चावी मध्येच संपायची आणि आबा चिडायचे, "तुझ्या डब्याला चावी हाय, मला नाय. मी काय मधी थांबू?" पण थांबायचे. चावी भरली की जिथे थांबले होते तिथून, हाताचं बोटही न हलवता पुढे सुरू. शेवटी सगळा घोळका आमच्या गेलेल्या खाचरात गेला. तिथे आबा आडवे झाले, स्वतःच्याच लांबीचा कासरा धरला आणि डोक्याशी एक, पायाशी एक अशा खुंट्या मारायला लावल्या. लोक हसून हसून खाली बसले. हरी पाटील कायद्याप्रमाणे त्याच्या दारात उभा राहून हसला होताच, इथेही आला आणि पुन्हा हसला. रंगपंचमीला आबांनी नदीवर तोंड धुतलं आणि दोघं शेजारी बसून विड्या ओढत होते. हे मी स्वतः बघितलंय.

फिल्म तयार होऊन आली. ती ज्या जातीची होती तिची निगेटिव्ह नसते. कॅमेऱ्यात फिरते तीच पट्टी पडद्यावर लागते, दुसरी प्रत नाही. मंडळात दाखवायच्या आधी आबांनी बघावी म्हणून मी ती गावी नेली. त्यांनी स्वतःला कधी बघितलंच नव्हतं. साहेबांचं प्रोजेक्टर घेतलं. शाळेत नुकतीच वीज आली होती. भर दुपारी शाळेच्या खिडक्यांना घोंगड्या बांधल्या, भिंतीवर धोतर ताणलं आणि सगळं गाव आत कोंबलं. हरी पाटील पुढच्या बाकावर. पहिल्यांदा लागली तेव्हा कुत्र्याच्या मोजणीला इतका हशा झाला की प्रोजेक्टरचा आवाज ऐकू येईना. हरीही हसला. आबा मात्र हसत नव्हते. ते कारागिरासारखे बघत होते, ओठ हलवत होते. संपल्यावर पोरं ओरडली, परत लावा. मी परत लावली. दुसऱ्या खेपेला हशा जरा कमी झाला, आणि कुठेतरी मध्येच हरीचा थांबला. पोरं म्हणाली, आणखी एकदा. तिसऱ्यांदा टोपी उलटी झाली तेव्हा हरी उठून उभा राहिला आणि त्याची सावली धोतरावर पडली.

"दामू," तो मला म्हणाला, "हे किती येळा असंच व्हनार?"

"किती वेळा लावली तेवढ्या वेळा," मी म्हटलं.

"आनि मुंबईला दावनार?"

"हो."

"म्हंजी शिमगा सरला, चैत सरला, तरी माझं सोंग चालूच." तो आबांकडे वळला. आवाज चढलेला नव्हता. "दादा, मी दारात हुबा ऱ्हायलो का नाय? हसलो का नाय? तुमी तोंड धुतलं ते मी माझ्या डोळ्यांनी बगितलं. मंग ह्यो कोन हाय भिंतीवर, ज्यानं अजून धुतलं नाय?"

मी बोललो. म्हटलं, हरीकाका, तुम्ही शब्द दिला होता तो कुठल्या नदीत धुतला? हे ऐकून गाव माझ्या बाजूने हलेल असं मला वाटलं, कारण तिथे बसलेल्या निम्म्या घरांच्या जमिनी त्या शब्दावर गेल्या होत्या. एकही माणूस हलला नाही. उलट बंडूआजा नावाचा एक म्हातारा, ज्याची सगळी जमीन गेली होती, तोच म्हणाला, "पोरा, ते येगळं. सोंग उतरवायचं असतं." बाकीच्यांनी माना हलवल्या. घोंगड्या सोडल्या, ऊन आत आलं, आणि जो तो आपल्या घरी गेला. जाताना हरी आमच्या ओट्यापाशी घुटमळला आणि आबांना एवढंच म्हणाला, "काशाच्या नोकरीचं मी सायबाच्या कानावर घातलंय. आता तुमच्या घरातलंच असं काय बाय निगालं तर मी तिथं कुठल्या तोंडानं जाऊ?"

या बोलण्यात धमकी होती का, यावर आमच्या घरात पुढे पुष्कळ वाद झाले. काशिनाथ म्हणतो, नव्हती. तो म्हणणारच.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी प्रोजेक्टर घेऊन मोहोपाड्याला गेलो. साहेबांच्या ओळखीचा एक टेंपोवाला ते मुंबईला परत नेणार होता. मी दुपारच्या गाडीने जाणार होतो. फिल्मचा डबा घरी, आईच्या पेटीवर ठेवला होता. परत आलो तर घरी कुणी नाही. चूल विझलेली. नदीवर माणसं जमलेली दिसली म्हणून तिकडे गेलो. काठावर हरी होता, बंडूआजा होता, काल शाळेत फिल्म बघायला बसलेले सगळे होते. आबा गुडघाभर पाण्यात उभे होते. शेजारी कढत पाण्याचं घमेलं, त्यात धुण्याचा सोडा. ते फिल्म घमेल्यातून वीतवीत ओढत होते, नारळाच्या काथ्याने घासत होते आणि मग नदीत खळबळत होते. धुऊन झालेली पट्टी आई वलणीवर टाकत होती, लुगड्यांच्या शेजारी. ऊन पट्टीच्या आरपार जात होतं. तिच्यावर काही म्हणजे काही उरलेलं नव्हतं.

मला बघून आबा म्हणाले, "घाबरू नगं. रंग तेवढा काडला. पट्टी फाडली नाय कुटं. बग, हाय तशी हाय. आता हिच्यावर दुसरं काय तरी काड."

"आबा, तो रंग नव्हता."

"मंग काय व्हतं?"

"तुमी होता."

ते हसले. "मी हाय की हितं," म्हणाले आणि पुढची वीत घासायला घेतली.

त्यांना ठाऊक नव्हतं, असं माझी बहीण म्हणते. अडाणी माणूस, त्याला वाटलं काजळीसारखं निघेल आणि खालचं शाबूत राहील. मी हे मान्य करत नाही. ज्या माणसाने सगळं आयुष्य तोंड रंगवण्यात घालवलं त्याला रंग कुठे संपतो आणि कातडी कुठे सुरू होते हे कळत होतं. पहिली वीत घासल्यावर त्यांना दिसलं असेलच की खाली काही नाही. तरी ते पुढे घासत राहिले. काशिनाथच्या नोकरीसाठी घासत राहिले, गावात तोंड दाखवायचं होतं म्हणून घासत राहिले, आणि कदाचित भिंतीवरचा तो सोंगाड्या आपल्यापेक्षा जास्त दिवस जगेल हे त्यांनाही सहन झालं नसेल. कारण काहीही असो, घासली त्यांनी. मी ओरडलो नाही, हिसकावून घेतली नाही. तोवर हिसकावण्यासारखं काही उरलंच नव्हतं.

वैशाखातल्या त्या रविवारी मंडळात दुसऱ्या कुणाची तरी फिल्म लागली. पारशी साहेबांनी ऐकून घेतलं आणि त्यानंतर मला कॅमेरा दिला नाही. माझ्या हातात पुन्हा कॅमेरा यायला कित्येक वर्षं गेली. ती मी मांडवांत नकला करून काढली. काशिनाथला त्याच पावसाळ्यात नोकरी लागली. त्याच्या पगारावर घराला पक्क्या भिंती आल्या, बहिणीचं लग्न झालं, आईचं औषधपाणी झालं. हे सगळं मला घरातले आळीपाळीने ऐकवत असतात. मी नाही कुठे म्हणतोय? भिंती चांगल्या आहेत. आबांचा मात्र एकही फोटो आमच्या घरात नाही. निवडणुकीच्या ओळखपत्राची वेळ येण्याआधीच ते गेले. लोक माझ्याकडे येतात आणि म्हणतात, तुमचे वडील मोठे कलावंत होते म्हणे, काही दाखवा ना. हरीच्या नातवाने विचारलं तेव्हा मी त्याला दाराबाहेर काढलं.

पुढच्या शिमग्याला मी गावी गेलो. जायचं नव्हतं, आईने निरोप धाडला म्हणून गेलो. दुपारी ढोल आमच्याच दारात येऊन थांबला. बाहेर येऊन बघतो तर पुढे आबा. मुंबईकरासारखा भांग पाडलेला, माझा जुना शर्ट अंगात, आणि हातात तेलाचा एक रिकामा डबा. एक डोळा मिटून त्यांनी डबा दुसऱ्याला लावला आणि माझ्यावर रोखला. गावाने माझ्याकडे बघितलं. मग ते मी झाले. मी बोलताना मान डावीकडे टाकतो हे मला तोवर माहीत नव्हतं. माझं ते अर्धं शहरी बोलणं, माणसांना हाताने बाजूला सारणं, "थांबा, थांबा, चावी" म्हणणं. एका म्हशीला त्यांनी पुन्हा पुन्हा मागे नेऊन तेच तेच चालायला लावलं, आणि ती ऐकेना तेव्हा तिलाच नमस्कार करून म्हणाले, "बाई, तुमी मोठ्या नटी, पन माझी फिलीम खपत आली." हरी पाटील डोळे पुसत होता. बंडूआजाला ठसका लागला. दाराआड आई होती. तिने तोंड भिंतीकडे वळवलं.

सोंग फार चांगलं होतं. हे मी नट म्हणून सांगतो. आबांनी डबा खाली घेतला आणि माझ्यासमोर येऊन उभे राहिले. तोंडाला पिठी, डोळ्यांत पाणी. ढोल थांबला. आता मी हसायचं होतं. हसू आलंही होतं, अगदी घशाशी, कारण ते म्हशीचं खरंच तसं होतं. आबा वाट बघत होते. हशासाठी कसं थांबायचं ते त्यांच्याइतकं कुणाला येत नव्हतं. ते थांबले, आणखी थांबले, मग पुटपुटले, "हस की रं."

मी हसलो नाही. आज ते नाहीत, मी त्यांच्या वयाचा होऊन पुढे गेलोय, आणि तरी ते हसू मला त्यांना द्यावंसं वाटत नाही.